समोरच्या खोलीतली ताई

त्या घरात लहानपणापासून एक रीत होती. काहीही वाटायचं झालं की एकानं वाटे करायचे आणि दुसऱ्यानं आधी उचलायचा. त्यामुळे वडिलांच्या घराची वाटणी कोर्टात न नेता समजुतीनं करायचं ठरलं, तेव्हा ताईनं आपण होऊन वाटे केले. एकात तळमजला, अंगण आणि मागचं गोदाम; दुसऱ्यात जिन्यावरची एकुलती एक खोली, जिथं तिनं आईचं आजारपण काढलं होतं आणि जिच्याखेरीज तिला डोकं टेकायला दुसरी जागा नव्हती. वाटे असे डावे-उजवे तिनं मुद्दामच केले होते. दादा मोठा उचलेल, खोली आपल्याला राहील. आईच्या उशाशी बसून तिनं नेम धरला होता, की दादाला कधी कडू शब्द बोलायचा नाही. आणि आज तर तो मोडायचं काही कारणच नव्हतं.

मध्यस्थ बाईंनी आपल्या कचेरीत दादा-वहिनींना समोरच्या खोलीत बसवलं, ताईला इकडे. मधल्या बोळातून निरोपांची ने-आण त्या स्वतः करायच्या.

"समोरासमोर बसलं की जुनी उणीदुणी निघतात," त्या म्हणाल्या. "पण तुमच्यासारखी समजूतदार माणसं रोज आली, तर माझं दुकानच बंद पडेल हो."

ताई हसली. वाटे सांगितले आणि खिडकीबाहेर बघत बसली.

बाई परत आल्या त्या चहा घेऊन. "बिनसाखरेचा. मघाशी म्हणालात ना."

"मी? कधी?"

"तिकडे, वहिनींना."

दिवसभरात दहा कुटुंबं बघणाऱ्या बाईंचा गोंधळ झाला असेल, असं ताईनं मनाशी म्हटलं. साखर तिनं त्या नेमाबरोबरच सोडली होती हे खरं, पण ते तिनं कुणापाशीच बोलून दाखवलं नव्हतं. चहा निवत गेला.

पुढच्या खेपेला बाईंचे डोळे पाणावले होते. "झालं हो सगळं. दादांनी मोठा वाटा उचलला, आणि लहानही तुम्ही आपण होऊन त्यांच्याच पदरात टाकलात. एवढी वर्षं हे काम करतेय, असं मन नाही पाहिलं."

"अहो, मी इथून उठलेसुद्धा नाही!"

"आता मागे फिरू नका, ताई," बाई तिच्या खांद्यावर थोपटत समजुतीच्या सुरात म्हणाल्या. "सह्याच तेवढ्या राहिल्यात."

ताई उठली. बोळ ओलांडताना तिला दादाचं हसणं ऐकू आलं, लहानपणीसारखं, पोट धरून. तिच्या वाट्याला ते कित्येक वर्षांत आलं नव्हतं. मागोमाग एका बाईचा मऊ आवाज आला. आपलाच आवाज बाहेरून ऐकला की परका वाटतो, म्हणून ओळखायला तिला क्षणभर वेळ लागला.

"खोली घेऊन मी काय करू रे? तू आहेस ना."

दार अर्धवट उघडं होतं. दादा, वहिनी, आणि दाराकडे पाठ करून तिसऱ्या खुर्चीवर एक बाई. मानेवर पांढरे होत चाललेले केस, खांद्यापाशी रफू केलेला ब्लाउज. तो रफू ताईनं कालच आपल्या अंगावरच्या ब्लाउजला केला होता.

दादानं वर पाहिलं. आता हा दचकेल, उठून येईल, म्हणेल हे काय आक्रीत, अशी ताईला अजूनही आशा होती. पण तो दचकला नाही. त्यानं तिला नीट पाहिलं, ओळखलं, आणि नजर खाली वळवून कागद त्या दुसरीपुढे सरकवला.

"दारात कोण आहे हो?" वहिनीनं विचारलं.

"कुणी नाही," दादा म्हणाला.

तेव्हा ताईचा नेम मोडला. जन्मभराचं सगळं कडू एका शब्दात गोळा करून, घसा फाटेपर्यंत ती ओरडली, "लबाडा!"

बोळात कसलाच आवाज झाला नाही. खुर्चीतल्या बाईनं मात्र मान किंचित वर केली आणि गोड आवाजात विचारलं,

"दादा, सही कुठं करू रे?"