बाईसाहेबांची बंद बरणी

मत्स्यालयातल्या पाटीवर ‘ऑक्टोपस, मादी’ असं लिहिलं होतं, पण तसं म्हणायची कुणाची छाती नव्हती. त्या बाईसाहेब होत्या. आठ हात, तीन हृदयं, निळं रक्त आणि अंगात हाड औषधालासुद्धा नाही! त्यांची सगळी सरबराई मावशीकडे. मावशी म्हणजे तिकीटवाल्यापासून मत्स्यालयाच्या डॉक्टरीणबाईंपर्यंत सगळ्यांचीच मावशी. बावीस वर्षं माशांना भरवून भरवून तिच्या हातांना साबणानेही न जाणारा वास लागला होता, आणि तिला त्याचा जाम अभिमान होता.

बाईसाहेबांना आयतं वाढलेलं चालत नसे. डोक्याला काम नसलं की त्या पाण्याचा पाइप उपटून ठेवत. म्हणून रोज सकाळी नऊला मावशी पारदर्शक बरणीत जिवंत खेकडा घालायची, झाकण घट्ट फिरवायची आणि बरणी टाकीत सोडून कासवांकडे जायची. अकराला येऊन बघावं तर झाकण एकीकडे, बरणी दुसरीकडे आणि कवचांचा ढीग तिसरीकडे. बरणी काढायची, धुवायची, काम फत्ते.

एका सोमवारी मात्र पंप बंद पडला, सगळ्यांची पळापळ झाली आणि मावशी खेकडा घालायलाच विसरली. नुसती बरणी, वर घट्ट झाकण! अकराला ते दिसल्यावर तिला इतकं वाईट वाटलं, की तिने एक सोडून दोन खेकडे दिले. वर "चुकलं हो बाईसाहेब" म्हणून कान पकडले.

इथवर ठीक. पण बुधवारी अकराला झाकण पुन्हा बंद! आत खेकडा नाही, आसपास कवचाचा तुकडाही नाही. बाईसाहेब कपारीत बसून आडव्या बाहुलीच्या डोळ्याने टक लावून बघतायत, जणू चार दिवसांच्या उपाशी. मावशीने जीभ चावली आणि नवा खेकडा दिला. शुक्रवारी तेच. शनिवारीही तेच.

"काय मावशी, या वयात प्रेमात पडलात की काय?" तिकीटवाल्याने टोमणा मारला. सगळे हसले. मावशी हसली नाही.

तिच्या आईचंही असंच सुरू झालं होतं. आधी भाजीत दोनदा मीठ. मग गॅस चालूच. मग एका दुपारी आईने तिच्याकडे बघून अगदी सभ्यपणे विचारलं होतं, "तुम्ही कोणाकडच्या?"

शनिवारी संध्याकाळी मावशीने डॉक्टरीणबाईंना गाठलं. "मी काम सोडते आता. आज खेकडा विसरले, उद्या एखाद्या टाकीची हवा बंद ठेवली तर? सगळी टाकी मरेल माझ्या हातून."

"सोमवारपर्यंत विचार करा," एवढंच डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आणि तेही खाली बघून.

घरी ताई मशीनवर एका गिऱ्हाइकाचा कोट शिवत होती. मावशीची ही थोरली बहीण म्हणजे सुईपेक्षा तिखट.

"रडतेस काय? खेकडा घातलास की नाही, ते सांग."

"घातला असेल."

"असेल काय असेल! आठव."

"अगं, काय माहीत? हं... नऊला झाकण लावताना बोटाला चिमटा काढला मेल्याने."

ताईने तिचं बोट दिव्याखाली ओढलं. लालबुंद वळ होता. "बरणीत न घातलेला खेकडा चावतो होय गं? डोकं ठिकाणावर आहे तुझं. चोर दुसराच आहे कुणीतरी. उद्या लपून बघू."

"मी दिसले की त्या कपारीतून हलत नाहीत. मला बरोबर ओळखतात."

"मग तू तूच दिसू नकोस!"

म्हणून रविवारी नऊला नेहमीसारखी बरणी टाकीत सोडून, सव्वानऊला निळा गणवेश काढून, गिऱ्हाइकाचा मोठाल्या फुलांचा कोट आणि ताईचा काळा चष्मा घालून मावशी शाळेच्या सहलीतल्या पोरांच्या घोळक्यात उभी राहिली. एक पोरगी मैत्रिणीला कुजबुजली, "नटी आहे वाटतं." ताईला हसू आवरेना.

आणि मग सगळ्यांचंच हसणं थांबलं.

बाईसाहेब बाहेर आल्या. आल्या म्हणजे कशा, तर वितळल्यासारख्या, दगडाच्या रंगाच्या, आणि वाळूवर येताच वाळूच्या रंगाच्या. त्यांनी बरणीला मिठी मारली, झाकण फिरवलं, खेकडा गट्टम केला. पोरांनी टाळ्या वाजवल्या. मावशीने नाही, कारण तिला पुढचं बघायचं होतं. बाईसाहेबांनी कवचाचे तुकडे एकेक करून वेचले. एकेक! ते कपारीच्या मागच्या भेगेत कोंबले. मग परत आल्या, वाळूतलं झाकण उचललं, बरणीच्या तोंडावर बसवलं आणि फिरवलं. उलट्या बाजूने. घट्ट होईपर्यंत. शेवटी कपारीत जाऊन बसल्या आणि अंगाचा रंग पार उडवून टाकला, पांढराफटक, केविलवाणा.

ताईने मावशीच्या कोटाची बाही घट्ट पकडली, गिऱ्हाइकाचा कोट चुरगळतोय हेही विसरून.

"बंद बरणी दिसली की मी खेकडा देते," मावशी हळूच म्हणाली. "त्या सोमवारी एकदाच विसरले मी. एकदाच! तेवढ्यावरून शिकल्या गं. मी कशी वागते, हे त्या शिकल्या."

बावीस वर्षं ती बाईसाहेबांसारख्यांना बघत होती. तिकडूनही कुणीतरी तिला बघतंय, तिचा अभ्यास करतंय, हे तिच्या स्वप्नातही आलं नव्हतं.

ती कोटासकट शिडी चढली आणि टाकीचं वरचं झाकण उघडलं. "आता?" खालून ताईने विचारलं. "देणार लबाडीचं बक्षीस?"

मावशीने बाही सारून उजवा हात पाण्यात घातला. गार, मऊ, ताकदवान असा एक हात वर आला आणि मनगटाभोवती फिरला. त्याच्याखालची एकेक चूषक वाटी त्वचेला चिकटून सुटत होती. त्या वाट्यांनी बाईसाहेब चव घेतात, आणि त्यांची निम्म्याहून जास्त अक्कल हातांतच असते, असं डॉक्टरीणबाई सांगायच्या. मावशीने ते हजारदा ऐकलं होतं. आज पहिल्यांदाच तिला वाटलं, आपल्याला कुणीतरी वाचतंय. ती वाट्यांची रांग चिमटा काढलेल्या बोटावर आली. थांबली. तिथे बराच वेळ रेंगाळली.

"हो," मावशी पुटपुटली, "तिथेच चावला. तुम्हाला कळलं ना? मीच घातला होता खेकडा."

गलका ऐकून डॉक्टरीणबाई धावत आल्या. शिडीवर फुलाफुलांचा कोट, काळा चष्मा आणि कोपरापर्यंत ऑक्टोपस!

"मावशी? तुम्ही?"

"मीच," मावशी म्हणाली. डोळे वाहत होते, तोंडभर हसू होतं. "उद्या नऊला येते मी. पण डॉक्टर, आधी त्या बरणीऐवजी काहीतरी अवघड शोधा हो. झाकण म्हणजे यांना बालवाडी आहे!"