नऊ नंबरचा कान

नऊ नंबरची खाच रिकामीच होती. पेटीचं झाकण उघडलं की आत करड्या स्पंजात चार ओळींत वीस खाचा, आणि त्यांतल्या एकोणीस खाचांमध्ये बसलेली काडेपेटीएवढी काळी यंत्रं. प्रत्येकाच्या पोटावर हिरवा ठिपका, प्रत्येकाभोवती गुंडाळलेली पांढरी वायर आणि वायरीच्या टोकाला कानात घालायचं बोंड… फक्त दुसऱ्या ओळीतली चौथी खाच तेवढी मोकळी, पडलेल्या दातासारखी. जीभ जशी सारखी त्या भोकाकडेच वळते, तसं त्याचं बोट गेले अकरा दिवस रोज संध्याकाळी तिथंच जात होतं.

"नऊ नंबर अजून हरवलेलाच?" बुकिंगच्या बाईंनी टेबलामागून विचारलं. "नदीत सोडलात की काय?"

"सापडेल."

"तुमचं 'सापडेल' ऐकता ऐकता माझे केस पांढरे होतील. आज चौदा माणसं आहेत. एक डॉक्टरीणबाई आहेत दातांच्या, त्यांना सगळं वेळेवर लागतं. आणि एक टोपीवाले काका, ते तुम्हाला बोलू देणार नाहीत. जा आता, आणि जरा हसा हो! चेहरा बघून लोकांना वाटेल, पैसे परत मागायचे की काय."

तो हसला, म्हणजे हसल्यासारखं केलं. मग चौदा यंत्रं वाटली, कॉलरला चिमट्याने छोटा माइक लावला आणि कमरेचं बटण दाबलं. बटण दाबल्याबरोबर स्वतःचा आवाज आपल्यापासून सुटून कुठेतरी दुसरीकडे जाऊन राहतो, हे त्याला पहिल्या दिवसापासून आवडलं होतं. चारचौघांत ज्याच्या तोंडून शब्द फुटत नसे, शाळेत कविता म्हणताना ज्याचे कान आधी लाल होत आणि ओळी मागाहून आठवत, त्या माणसाने गावाची वाट दाखवायचं काम पत्करावं याचं ताईला अजून नवल वाटे. पण या कामात ओरडावं लागत नाही, हे तिला कसं सांगणार? पुटपुटलं तरी पुरतं. साठ-सत्तर पावलांच्या आत जो कोणी ते बोंड कानात घालून असेल, त्याला ते पुटपुटणं अगदी कानाशी येऊन बोलल्यासारखं ऐकू जातं. गर्दीत कोणाशीही न बोलता सगळ्यांशी बोलता येतं.

कोणाशीही न बोलता… अकरा दिवसांपूर्वी कचेरीचं शटर लवकर बंद झालं होतं, म्हणून त्याने पेटी घरी नेली होती आणि दाराजवळच्या फळीवर ठेवली होती. दुसऱ्या संध्याकाळी उघडली तर एकोणीस. त्याने रस्ता शोधला, पिशवी शोधली, पायऱ्या शोधल्या. फळी मात्र शोधली नाही. ज्या ठिकाणी एखादी वस्तू असेल अशी भीती असते, ते ठिकाण माणूस नेमकं शेवटी शोधतो.

आणि आज सकाळी ताईने दोरीवरचे कपडे काढता काढता म्हटलं होतं,

"अरे, अप्पांना काय झालंय? काल मला म्हणाले, तुझ्या आईला पायऱ्या चढवून चढवून माझा हा खांदा कायमचा गेला."

"मग?"

"मग काय मग? हे कधी गेले होते रे घाटावर तिला आणायला? ती निघायची तेव्हा हे शब्दकोडं घेऊन बसलेले असायचे."

"वय झालं त्यांचं."

"वय झालं की माणूस विसरतो. हे नवीनच आठवायला लागलेत." तिने एक सदरा झटकला. "आणि माझा बारीक पिनेचा चार्जर त्यांच्या उशाखाली सापडला. त्यांच्या त्या डबड्या फोनला तो बसत तरी नाही."

ताई कपड्यांचा ढीग घेऊन आत गेली होती, आणि तो तिथेच उभा राहिला होता, रिकाम्या दोरीकडे बघत. दोरी अजून हलत होती.

"अहो, तुम्ही असे आमच्याकडे तोंड करून उलटे चालताय, पडाल ना!" टोपीवाले काका ओरडले. त्यांना ओरडायची काही गरज नव्हती.

"सवय आहे."

"माझा मेहुणाही हेच म्हणायचा. सध्या प्लॅस्टरात आहे."

"तुम्ही गप्प बसा बघू," काकांच्या बायकोने त्यांचा दंड ओढला. "त्यांना बोलू द्या. तुम्हाला मी घरी ऐकतेच आहे चाळीस वर्षं."

भांड्यांच्या दुकानांची गल्ली, मग दोन दारांचं देऊळ, मग उतार. उलटं चालताना गाव त्याच्या पाठीकडून येई आणि दोन्ही खांद्यांवरून पुढे निसटून जाई. प्रत्येक गोष्ट त्याला दिसे ती सरून गेल्यावरच. देवळापाशी थांबून त्याने दोन दारांची गोष्ट सांगितली. घंटा वाजली, ती माइकमध्ये शिरली आणि चौदा माणसांनी एकदम कान झाकले. हे रोज होई आणि रोज लोक हसत. तो ज्या वाक्यावर श्वास घेई, त्याच वाक्यावर आजही त्याने घेतला. तोंड आपलं काम करत होतं. आत मात्र एकच गोष्ट घोळत होती. आज ती गोष्ट सांगायची की नाही? आणि सांगायची तर कोणती?

कारण ती गोष्ट कोणत्याही पुस्तकात नव्हती. नऊ महिन्यांपूर्वी, काम नवीन असताना, घाटाच्या खालच्या पायरीवर उभं राहून सांगण्यासारखं सगळं संपलं आणि तरी लोक त्याच्याकडे बघतच राहिले, तेव्हा तो म्हणून गेला होता, इथे एक बाई रोज संध्याकाळी यायची. चपला वर काढून बेचाळीस पायऱ्या उतरायची, शेवटच्या पायरीवर बसून पाण्यात पाय सोडायची आणि काळोख पडायच्या आत परत जायची. अशी सव्वीस वर्षं. देवळात जायची नाही, काही मागायची नाही. नदीला काहीतरी सांगत असावी, किंवा नसेलही. आईविषयी तो तिच्यानंतर पहिल्यांदाच बोलला होता, तेही अनोळखी माणसांच्या कानांत. घरी तिचं नाव निघत नसे. घरात अप्पा होते, ताई होती, तो होता. "पाणी आलं का", "दार लावून घे", "भाजीत मीठ कमी आहे" असली वाक्यं होती. दोघा पुरुषांमध्ये भांडण नव्हतं. भांडायलासुद्धा आधी बोलावं लागतं.

आणि त्या पहिल्याच दिवशी गर्दीतल्या एका म्हातारीने विचारलं होतं, "गुडघे दुखत नसतील का हो तिचे? वर कोण आणायचं तिला?" विचार न करता त्याच्या तोंडून निघून गेलं होतं, "तिचा नवरा. रोज टॉर्च घेऊन वरच्या पायरीवर उभा राहायचा. मग खाली उतरायचा, तिचा हात आपल्या खांद्यावर घ्यायचा." म्हातारीने डोळे पुसले होते. तेव्हापासून तो नवरा रोज वरच्या पायरीवर उभा राहू लागला. पुढे त्याच्या एका हातात टॉर्च आणि दुसऱ्या हातात तिच्या चपला आल्या. पुढे त्याला थोडा दमाही झाला.

खरं म्हणजे कोणी जात नसे. ती एकटीच चढे. तीन ठिकाणी थांबून. अकराव्या पायरीला, तेविसाव्याला, आणि मग पस्तिसाव्याला, जिथे भिंतीला टेकता येतं. हे त्याला माहीत होतं, कारण एकदा, फक्त एकदा, पुलावरून घरी येताना त्याने तिला तसं थांबलेलं पाहिलं होतं. तो पुलावरच उभा राहिला, ती चढून संपेपर्यंत. मग घरी गेला आणि ती आल्यावर म्हणाला, "उशीर झाला आज."

न जाणारे दोघे होते. गोष्टीत एकालाच पाठवलं… आणि ते तरी का? अप्पांना बरं दाखवावं म्हणून? की तिच्याबरोबर कोणीतरी असायला हवं होतं, आणि ते कोणीतरी मी असू नये, म्हणून?

घाटाच्या तोंडाशी सगळ्यांनी चपला-बूट काढले. तो आधी उतरला, मग माणसं उतरू लागली, नदीकडे बघत. अर्ध्या वाटेवर दगडी खांब होता, पाण्याची उंची मोजायचा. त्यावरचे आकडे झिजले होते. "पूर्वी रोज सकाळी सहाला एक माणूस येऊन इथला आकडा लिहून न्यायचा," तो माइकमध्ये म्हणाला, रोजच्यासारखं. "एकतीस वर्षांत त्याने एकही दिवस चुकवला नाही." हे मात्र खरं होतं; तो माणूस म्हणजे अप्पा. सकाळी नदीवर जाणारा माणूस संध्याकाळी पुन्हा त्याच पायऱ्या कशाला उतरेल, असं घरात सगळ्यांनी, आईनेसुद्धा, न बोलता गृहीत धरलेलं होतं.

शेवटच्या पायरीवर तो वळला. आता चौदा माणसं त्याच्या वर, अर्धगोलात, तोंडं नदीकडे. त्यांच्या डोक्यांवरून त्याला सगळा चढ दिसत होता आणि चढाच्या माथ्यावर चपलांचा ढीग. ढिगाशेजारच्या कठड्यावर अप्पा बसले होते. करडा मफलर, उन्हाळा असून. मफलरच्या घडीतून एक पांढरी रेघ सदऱ्याच्या खिशात गेलेली.

तो दचकला नाही. सकाळपासून त्याने ही जागा त्यांच्यासाठी मोकळी ठेवलीच होती जणू. त्यांची पाठ भिंतीला टेकलेली, मान किंचित तिरकी, उजवा कान खाली. लहानपणी रेडिओवरच्या बातम्या ऐकायचे तसे. आणि मांडीवर टॉर्च.

टॉर्च…

म्हणजे त्यांनी ऐकलं होतं. अकरा संध्याकाळी, रोज कुठल्यातरी आडोशाला बसून. आपल्या मेलेल्या बायकोची गोष्ट आपला मुलगा परक्यांना सांगतो, आणि त्या गोष्टीत आपण नाही, आपल्यापेक्षा बरा असा दुसराच कोणीतरी आहे. पहिल्या दिवशी त्यांना काय वाटलं असेल? राग? मग दुसऱ्या दिवशी का आले? आणि कोणत्या दिवशी, पाचव्या, सातव्या, त्यांचा खांदा दुखायला लागला?

ते खोटं काढून घेतलं तर त्या खांद्यात काय उरेल? आणि राहू दिलं तर आई कायमची कोणाच्या तरी खांद्यावर हात ठेवून चढत राहील, आणि तिचे ते तीन थांबे कोणालाच ठाऊक राहणार नाहीत. एकट्या मला सोडून.

"पुढे?" डॉक्टरीणबाई म्हणाल्या. त्यांनी घड्याळ पाहिलं नाही, पण मनगट वळवलं.

"इथे एक बाई रोज संध्याकाळी यायची," त्याने सुरुवात केली. पायऱ्या, चपला, पाण्यात सोडलेले पाय, सव्वीस वर्षं. वाक्यं आपल्या पायांनी येत होती. नवरा यायच्या जागेपाशी मात्र तो थांबला. पाणी पायरीला लागून मागे जात होतं आणि तो आवाज माइक नेमाने सगळ्यांच्या कानांत नेऊन टाकत होता. "वर जाताना ती तीन ठिकाणी थांबायची," तो म्हणाला. "अकरा. तेवीस. पस्तीस."

"अरेरे," काकांची बायको म्हणाली. "आणायला कोणी नव्हतं का हो?"

वरच्या कठड्यावरची मान हलली नाही. की हलली? इतक्या दुरून कळत नव्हतं.

"तिला एक मुलगा होता," तो म्हणाला. हे वाक्य नऊ महिन्यांत कधी आलं नव्हतं. जिभेला त्याची चव अनोळखी लागली. "चांगला मोठा. घरीच असायचा. एकदा त्याने पुलावरून तिला थांबलेलं पाहिलंसुद्धा. पण तो खाली आला नाही."

"काय एकेक कार्टी जन्माला येतात!" टोपीवाले काका मोठ्याने म्हणाले, आणि या वाक्यावर मात्र बायकोने त्यांना अडवलं नाही.

"आणि नवरा?" डॉक्टरीणबाईंनी विचारलं.

चौदा चेहरे. आणि वर, त्या सगळ्यांच्या पाठीमागे, पंधरावा. त्याच्याजवळ दोन उत्तरं होती आणि दोन्ही तितकीच जड होती. गप्प राहणंही आता ऐकू जात होतं.

"काळोख पडेल," शेवटी तो म्हणाला. "सावकाश चढा. पायऱ्या निसरड्या आहेत."

माणसं वळली, चढू लागली. खांबापर्यंत पोचली असतील नसतील, तोच माथ्यावर टॉर्च लागला. अजून पुरतं अंधारलं नव्हतं. उजेड दगडावर नीट उमटतही नव्हता. तरी अप्पा उठून उभे होते आणि एकेक पायरी उजळवत होते, पाण्याची उंची वाचताना धरायचे तसा हात ताठ धरून. "उपकार झाले हो, आजोबा," काकांचा आवाज आला. चपला घासल्याचे, बोंडं कानांतून काढल्याचे, हसण्याचे आवाज… मग गर्दी कठड्यापलीकडे गेली.

यंत्रं गोळा करायला वर जायला हवं होतं. तो चढू लागला. अकराव्या पायरीला पाय आपोआप थांबला, दमलेला नसताना. तिथून नदी थोडी रुंद दिसते, हे त्याला माहीत नव्हतं. माइक चालूच होता. आपला श्वास वर कोणाच्या तरी कानात जात असेल, हे लक्षात येऊन त्याचं बोट कमरेच्या बटणाकडे गेलं आणि बटणावरच राहिलं. रोज संपलं की बटण बंद करायचं, आणि मग आपण आपल्यापाशी परत यायचं. आज परत यायला तशी जागा कुठे दिसत नव्हती. उजेड त्याच्या पायांपासून दोन पायऱ्या वर येऊन थांबला होता. पुढे सरकत नव्हता, मागेही जात नव्हता. अप्पा त्या बाईला बघत होते की तिच्या मुलाला, हे इथून सांगता येत नव्हतं.

त्याने बोट काढलं. माइक तसाच राहू दिला. मग, नेहमीच्या त्या हलक्या, कोणाशीही नसलेल्या आवाजात, तो मोजू लागला. बारा… तेरा…