सुंदरराव चषकातला अंधार

माळावरचे हॅलोजनचे खांब एकदम पेटले आणि सुनिताच्या तोंडून "अगं आई गं!" निघून गेलं.

नेकनूरच्या बाहेर, भावाच्या हरभऱ्याच्या बांधावर तिनं दुपारपासून दुर्बीण मांडली होती. काल संध्याकाळी इथं डोळ्यात बोट घातलं तरी दिसू नये असा काळोख होता, म्हणून तर तिनं ही जागा धरली. आणि आज शेजारचा माळ लग्नाच्या मांडवासारखा उजळलेला. स्पीकर गरजत होता, "सुंदरराव चषक, टेनिस बॉल क्रिकेट स्पर्धा, महाअंतिम सामना!" फायनल खरं तर उद्या. बक्षीस द्यायला येणाऱ्या पाहुण्यांना उद्या जमेना म्हणून ती आजच उरकायचं ठरलं होतं आणि हे सुनिताला सांगणार कोण?

सुनिता पुण्याच्या एका संशोधन संस्थेत खगोलशास्त्रज्ञ होती. आईबापाच्या मागं मागं उसाच्या फडावर वाढलेली ही मुलगी आता लघुग्रहांच्या सावल्या पकडणारी बाई म्हणून देशोदेशी ओळखली जाई. मंगळ आणि गुरूच्या मधे फिरणारे हे दगड एवढे लांब, की भल्याथोरल्या दुर्बिणीतही नुसता ठिपका दिसतो. पण एखादा दगड ताऱ्याच्या आडवा आला की त्याची सावली पृथ्वीवरून सरकत जाते. त्या सावलीत उभं राहून तारा किती वेळ विझला ते मोजायचं, की दगड केवढा ते कळतं. ऐकायला सोपं, पण आजच्या दगडाच्या वेळी याआधी लडाखला ऐनवेळी ढग आडवे आले होते आणि कच्छमध्ये धूळ. आज सावली तिच्याच गावावरून परळीकडे जाणार होती. पुढं सिरसाळ्यात तिचा विद्यार्थी सत्यम दुसरी दुर्बीण लावून बसला होता.

या उजेडात तिच्या कॅमेऱ्याला तारा दिसेना. दुर्बीण उचलून दुसरीकडं नव्यानं जुळवायला वेळ नव्हता. सुनिता ढेकळं तुडवत माळाकडं पळत सुटली.

सुंदरराव स्टेजवर हार गळ्यात घालून बसले होते. पंचायत समितीपासून कारखान्यापर्यंत सगळीकडं ज्यांचा शब्द चाले असे गृहस्थ. धापा टाकणाऱ्या सुनिताला त्यांनी ओळखलं.

"तू आसारामची पोर ना? ये, बस. चहा घे."

"आबा, चहा नको, अंधार पाहिजे. दहा मिनिटं लाईट बंद करा."

"फायनलमधी?" सुंदरराव हसले. "पब्लिक खांब उपटून नेईल, बाई."

तिनं भराभर सगळं सांगितलं. दगड, तारा, सावली. "आबा, ही सावली आपल्या माळावरून जाणार. परत कधी यायची न्हाई. जगभरातून आज फक्त इथून आणि सिरसाळ्यातूनच बघतायत."

"म्हंजे पुण्या-मुंबईला दिसायचं न्हाई?"

"न्हाई."

सुंदररावांनी हात वर केला आणि कॉमेंट्री करणाऱ्या बंकटला बोलावलं. "पहिली बॅटिंग संपली की ब्रेक. पाचच मिनिटं देतो, पोरी. आन् बंकट, तू माईक घेऊन हिच्यासंगं जा. पब्लिकला कळाय पाहिजे काय चाललंय ते."

शेवटची विकेट पडायला उशीर होत होता. फलंदाज काही केल्या बाद होईना. सुनिता बांधावरून बॉलरच्या नावानं मनातल्या मनात ओरडत होती. अखेर दांडी उडाली, माळ शिट्ट्यांनी दणाणला आणि पाठोपाठ सगळे हॅलोजन विझले.

"मंडळी, मोबाईल खिशात!" बंकटचा आवाज अंधारातून घुमला. "कुणीबी टॉर्च लावायचा न्हाई! आबांचा हुकूम हाय!"

लॅपटॉपच्या अंधुक पडद्यावर तारा परत आला. लहानसा, थरथरणारा. बंकट माईक घेऊन सुनिताच्या खांद्याशी उभा होता.

"तर मंडळी, आपला फलंदाज क्रीझवर उभा हाय," बंकट कुजबुजल्यासारखं बोलू लागला. "बॉलर लई लांबून धावत येतोय. मॅडम म्हनतात कोट्यवधी किलोमीटरवरून. तारा उभा हाय... उभा हाय..."

आणि तारा गेला.

"आऊट!" बंकट किंचाळला. "तारा आऊट!"

अख्खा माळ ओरडला. सुनिता पडद्याला जवळजवळ नाक लावून पुटपुटत होती, "ये, ये, ये..." काही सेकंद गेले आणि तारा होता तिथं पुन्हा उगवला. तिनं दोन्ही हात वर फेकले. पकडली! इतक्या वर्षांची हुलकावणी, आणि आज गावच्या बांधावर पकडली!

तिनं लगेच सत्यमला फोन लावला. तिकडंही तारा विझला होता. दोघं एकमेकांचं ऐकून न घेता बोलत सुटले.

जनरेटरवाल्यानं स्टेजकडं बघून विचारलं, "आबा, लावू का लाईट?"

सुंदरराव खुर्चीत मान मागं टाकून वर बघत होते. "ऱ्हाऊ दे जरा," ते म्हणाले. "किती चांदण्या हायत बे. ध्यानातच न्हवतं."

माळही हळूहळू शांत झाला. सगळ्यांच्या माना वर.

तेवढ्यात बंकटनं सुनिताच्या दंडाला हात लावला. माईक खाली धरून, पडद्याकडं बोट दाखवत तो म्हणाला, "मॅडम, परत गेलता तो. आत्ताच. लगीच आला माघारी."

"थट्टा करू नका."

"आईची आण, गेलता!"

सुनितानं रेकॉर्डिंग मागं नेलं. तारा उभा. उभा. मग पापणी लवावी तसा नाहीसा झाला आणि पुन्हा आला. पाखरू आडवं गेलं असेल, तिनं स्वतःला बजावलं. एवढ्यानं हुरळायचं नाही.

तिनं फोन पुन्हा कानाला लावला. "सत्यम, कॅमेरा चालू आहे ना अजून?"

"आहे, मॅडम. का?"

"मुख्य घटनेच्या नंतरचं बघ. पुढं बघत जा. मी काही सांगत नाही, तूच बघ."

फोनमध्ये नुसती कीबोर्डची किटकिट. सिरसाळ्यात कुणाचं तरी कुत्रं भुंकत होतं. सुनितानं बंकटचा हात कधी घट्ट धरला ते तिचं तिलाही कळलं नाही.

"मॅडम..." सत्यमचा आवाज चिरकला. "इथं अजून एकदा विझलाय! बारीकसा! मॅडम, त्या दगडाला चंद्र आहे!"

एकच पाखरू नेकनूरलाही आणि सिरसाळ्यालाही आडवं जाणार नव्हतं. सुनिता मटकन बांधावर बसली, लगेच उठली आणि चाळिशी ओलांडलेली ती बाई हरभऱ्यात अक्षरशः उड्या मारू लागली. बंकटनं माईक तोंडाशी नेला.

"मंडळी! नवा चंद्र सापडलाय! दगडामागं लपून चाललता, आपल्या माळानं धरला त्याला!"

मग जे झालं ते थांबवणं कुणाच्याच हातात नव्हतं. दोन्ही संघ बॅटी नाचवत बांधावर आले, हलगीवाल्यांनी हलगी धरली, अंधारातच गुलाल उधळला गेला. सुनिता ओरडत होती, "दुर्बिणीवर नको! दुर्बिणीवर नको!" आणि हसता हसता तिचे डोळे वाहत होते. सुंदरराव गर्दीतून वाट काढत तिच्यापाशी आले.

"पोरी, त्या चंद्राला नाव काय देणार?"

"नाव लगेच देता येत नाही, आबा. आधी इतरांनीही तपासलं पाहिजे. वर्षं जातात."

"जाऊ देत की. आमी कुठं पळून चाललो?" त्यांनी गळ्यातला हार काढून तिच्या गळ्यात घातला. "चल आता स्टेजवर. आज बक्षीस तुझ्या हातानं. पाहुण्यांना मी समजावतो."

उन्हाळ्यात परदेशातल्या एका मोठ्या दुर्बिणीनं तो चंद्र पुन्हा टिपला आणि सुनिताचा शोध पक्का ठरला. पण त्या संध्याकाळी कुणाला पक्क्याची पडली होती? दुसरी बॅटिंग सुरू झाली, तेव्हा सुनिता स्टेजवर गुलालानं माखून बसली होती आणि प्रत्येक चौकाराला सगळ्यांच्या आधी उठून टाळ्या वाजवत होती.