मरणबाईला भरलं कापरं

बोनिफात्सी कुलेशा पस्तीस वर्षं पोलंडमधल्या ब्यावीस्तोकच्या पोरापोरींना बाहुल्या नाचवायला शिकवत होता. एकच धडा घोकवून घ्यायचा: बाहुली हलली पाहिजे ती तिच्या मनानं, तुमच्या हाताच्या लहरीनं नव्हे. आणि आता गेल्या हिवाळ्यापासून त्याचाच उजवा हात स्वतःच्या लहरीनं हलत होता. वा रे मास्तर! कुणाला कळलं तर बाहुल्या हातातून गेल्याच, या धास्तीनं तो चहाचा ग्लास डाव्या हातानं उचलायचा.

म्हणून यंदा नाताळच्या खेळात त्यानं आपला लाडका, बाळ येशूच्या जिवावर उठलेला हेरोद राजा विद्यार्थिनीला, दोब्रोहनाला, देऊन टाकला. "नव्यांना संधी नको का द्यायला?" असं वर तोंड करून सांगितलंसुद्धा. स्वतः घेतली मरणबाई, शेवटी राजाला न्यायला येणारी. तीन मिनिटांचं काम. यायचं, लांब दांड्याचा विळा राजाच्या मानेला लावायचा, की लाकडी मुंडकं खुंटीवरून खाली. मात्र विळा लागल्याशिवाय राजा नाचवणाऱ्यानं मुंडकं पाडायचं नाही, हा नियम. तो घालून देणारे अर्थात कुलेशामास्तरच.

खेळात मरणबाई पडद्याआडून वर आली ती लटलटा कापतच.

"मरणबाई घाबरली!" पुढच्या बाकावरची एक चिमुरडी ओरडली. सगळा हॉल खो खो हसला. कुलेशानं मनातल्या मनात स्वतःला शेलक्या शिव्या घातल्या आणि विळा मारला. तो लागला सिंहासनाला. पुन्हा मारला, तो मुकुटावरून घसरला.

दोब्रोहनानं मास्तरांकडे पाहिलंसुद्धा नाही. तिचा हेरोद मात्र सिंहासनावरून उतरला.

"काय हो बाई, पहिलाच राजा वाटतं?"

पोरं बाकांवर चढली.

"होतं असं. द्या इकडे, मीच करतो." राजानं दोन्ही हातांनी आपलं मुंडकं उपटलं आणि मरणबाईच्या ओंजळीत ठेवलं.

पडदा पडला.

"नियम मोडलास," कुलेशा पुटपुटला.

"मोडला, सर."

"कधीपासून माहीत आहे?"

"गेल्या हिवाळ्यापासून. सगळ्यांनाच. डाव्या हातानं तुम्ही किती चहा सांडता!"

वर्षभराचं नाटक, आणि प्रेक्षकांना शेवट आधीच ठाऊक! एवढं वाईट काम त्यानं आयुष्यात केलं नव्हतं. त्याला हसू आलं, आणि रडूही.

बाहुल्या घेऊन दोघं लोकांसमोर आले. पडदा नव्हता, तरी मरणबाई त्याच्या हातात कापतच होती.

"आजोबा, ती अजून घाबरलीय?" चिमुरडीनं विचारलं.

"ती नाही गं," कुलेशा म्हणाला, "मी. हात थांबतच नाही माझा. फार भीती वाटते."

दोब्रोहनानं हेरोद काखेत मारला आणि मास्तरांचा हात मरणबाईसकट घट्ट धरला. मग दोघं वाकले, आणि वाकताना तिचाही हात थरथरत होता.