वायर नसलेली घागर

मुखेडजवळच्या आमच्या गावात त्या दिवशी पारावर मुंगी शिरायला जागा नव्हती. मधोमध पाटावर मातीची घागर, तोंड मातीनं लिंपलेलं, वर नारळ. मागं घागरबुवा. श्रीमंत पाटलांच्या सुनेला, तनुजाला, फिट येतात. लातूरला मेंदूच्या डॉक्टरकडं न्या, हे मी दहा वेळा सांगितलं. शाळेतल्या बाईचं कोण ऐकतंय! भानामती करणारी शोधायला त्यांनी हा बुवा आणला.

"पाताळातून करा, न्हाईतर व्हॉट्सॲपवरून करा, माझी घागर करणी धरतीच," बुवा बरळत होता. तो एकेका बाईचं नाव घ्यायचा, घागर गप्प. पारूबाईचं नाव आलं आणि घागर घर्रर्र थरथरली. नारळ गडगडत खाली आला.

पंप दुरुस्त करणाऱ्या सत्यमनं घागर उचलून पाहिली, पाटाखाली हात फिरवला. वायर न्हाई, म्हणाला. झालं! वायर नाही म्हणजे देव हाय, असं गावानं ठरवूनच टाकलं.

पारूबाई पाटलांच्या शेजारची एकटी विधवा. तिला केस धरून ओढत आणलं, लिंबाच्या ओल्या फोकांनी झोडपलं. तोंड फुटलं. दोन बोटं कुणाच्या तरी बुटाखाली मोडली. पाटलांनी चुलीवर कढईत तेल तापवलं. खरी असशील तर हात घाल, भाजणार न्हाई म्हणे.

"म्या काय केलं न्हाई वो," एवढंच ती म्हणत होती.

माझं डोकं सणकलं. मी मध्ये घुसले, तर एक फोक माझ्याही पाठीवर बसला आणि मी घागरीशेजारी पडले. तेवढ्यात बुवानं पुन्हा पारूबाईचं नाव घेतलं आणि घागर माझ्या कानाशीच गुरगुरली. हा आवाज तर रोजचाच! घरी माझा मुलगा मिहिर गेममधली गाडी ठोकतो, तेव्हा त्याच्या हातातलं गेमचं रिमोट अस्संच थरथरतं. त्यालाही वायर नसते. फोनला अंगठ्याएवढा अडॅप्टर लावला की लांबूनच चालतं.

मी वर पाहिलं. बुवाचा चेला फोनमध्ये मान घालून बसलेला, आणि फोनच्या बुडाला तसलाच अडॅप्टर.

फोन हिसकावला. स्क्रीनवर एकच बटण होतं. घागरबुवा, असं मोठ्यानं म्हणून दाबलं. घागर थरथरली. श्रीमंत पाटील म्हणून दाबलं. थरथरली. मग अडॅप्टर उपटला आणि पारूबाईचं नाव घेऊन बटण दाबत राहिले. घागर गप्प. शेवटी ती दगडावर आपटली. खापरांतून काळं रिमोट बाहेर पडलं. आत एक छोटी मोटर, तिला अडॅप्टर रेडिओ लहरींनी हुकूम धाडतो. तुमच्या खिशातल्या मोबाईललाही कुठं वायर आहे?

मग तीच माणसं, तेच फोक घेऊन बुवावर तुटून पडली. त्याला फरफटत कढईकडं नेऊ लागली. मी चुलीतली जळती लाकडं ओढून लांब फेकली आणि आडवी उभी राहिले.

"त्याला पोलिसांत द्या," मी म्हणाले. "मघाशी घागरीनं सांगितलं म्हणून मारलं, आता मी दाखवलं म्हणून मारताय. तुम्ही स्वतः कधी विचार करणार?"

फोक खाली आले. पाटलांची मान वर होईना.

तनुजाला आता लातूरच्या गोळ्या चालू आहेत, फिट थांबल्यात. बाबांनो, एखाद्या गोष्टीचं कारण कळलं नाही तर कळलं नाही म्हणा, त्यात लाज कसली? कुणाला तरी विचारा, शोधा, पण हात उगारू नका. पारूबाईला अजून त्या दोन बोटांनी भाकरी मोडता येत नाही.