हाडांची पेटी

मित्रांनो, माझं वय विचाराल तर पन्नाशी उलटली आहे, आणि माझ्यातली चित्रं पाचशे वर्षांची आहेत. गोंधळलात ना? सांगतो. इटलीतला एक चित्रकार मेलेल्या माणसांची शरीरं उघडून आत डोकवायचा आणि दिसेल ते कागदावर उतरवायचा. हाडं, स्नायू, शिरा, आईच्या पोटातलं बाळ, आणि बाजूला बारीक अक्षरात टिपणं. ती अस्सल पानं युरोपात कुलपात आहेत. मी त्यांची हुबेहूब छापलेली प्रत. एकशे चाळीस सुटी पानं, जाड सुती कागदाची, कापडी पेटीत ठेवलेली. नक्कल म्हणून नाक मुरडू नका हं! मला छापणाऱ्यांनी एकेका पानावर आठवडा घालवला होता.

दुबईजवळच्या रास अल खैमात मी आलो तो एका म्हाताऱ्या इटालियन डिझायनरच्या सामानातून. तो तिथल्या सिरॅमिकच्या कारखान्यात वॉशबेसिनं आखायचा. त्याच्या हाताखाली पुण्याहून आलेला सूर्यकांत काम करत होता. कायमचा मायदेशी निघताना म्हाताऱ्यानं मला सूर्यकांतच्या हातात ठेवलं आणि म्हणाला, "हबीबी, वळण शिकायचं तर माणसाच्या अंगावरून शीक."

सूर्यकांतनं ते फारच मनावर घेतलं. दर शुक्रवारी सकाळी तो मला जेवणाच्या टेबलावर मांडायचा, वर ट्रेसिंग पेपर ठेवायचा आणि कडक पेन्सिलीनं रेघ न् रेघ गिरवायचा. तीही दाबून! मला भारी राग यायचा. अशानं खालच्या कागदावर वळ उठतात, पण त्याला सांगणार कोण? माझ्यातल्या खांद्याचं वळण त्यानं एका बेसिनच्या काठाला दिलं, तेव्हा त्याची बायको लतिका हसून म्हणाली, "अहो, म्हणजे लोकांनी आता मेलेल्याच्या खांद्यात हात धुवायचे का?" हाडांची पेटी हे माझं नाव तिनंच पाडलं. माझं कौतुक व्हायचं आणि थट्टाही व्हायची. मी सुखात होतो.

तीन वर्षांपूर्वी एका राऊंडअबाउटवर डावीकडून आलेला ट्रक सूर्यकांतला दिसलाच नाही. जीव थोडक्यात वाचला. डॉक्टरांनी काचबिंदू सांगितला. गेलेली नजर परत येत नाही, उरलेली तेवढी राखायची. थेंब झाले, ऑपरेशन झालं, पण नजर कडेकडेनं जातच राहिली. कंपनीनं त्याला आधी डिझाइनमधून काढून स्टोअरमध्ये बसवलं आणि मग एक दिवस खलास, नोकरीच गेली. घर लतिकाच्या नोकरीवर आलं, आणि तो तिच्या व्हिसावर.

सकाळी लतिका ऑफिसला जायची, मुलगी केया शाळेत. सूर्यकांत एकटाच मला उघडून बसायचा. एकदा पान उचलताना त्याचं बोट एका रेघेवर अडखळलं. त्यानं ते तसंच पुढे नेलं. गळ्याचं हाड, मग खांदा, मग दंडावर उतरणारा स्नायू. अहो, ते वळ! वीस वर्षं मी ज्यांच्यासाठी कुरकुरलो ते वळ त्याला बोटानं वाचता येत होते. रिकाम्या घरात तो मोठ्यानं हसला. मलाही इतका आनंद कधी झाला नव्हता.

मग त्यानं रोज सराव सुरू केला. डोळे मिटायचे, पान घ्यायचं, बोट फिरवून ओळखायचं. खांदा, कान, पाऊल.

"इट्स लाइक ब्रेल, बाबा!" केया म्हणाली.

"हो. डोळे गेले तरी एवढं राहील बघ. पण आईला बोलू नकोस. 'डोळे गेले तरी' एवढे शब्द ऐकले की रडत बसेल ती."

तिथेच सगळं चुकलं.

जुलैत हवा ओली झाली, एसीचं पाणी कपाटात ठिबकलं आणि माझ्या खालच्या पानांवर बुरशीचे ठिपके आले. लतिकानं ते पाहिले आणि ती मनाशी म्हणाली, ह्यांच्याकडे आता उरलंय काय, ही एक पेटी! आणि लतिकाचा स्वभाव असा, की घरातल्या महत्त्वाच्या कागदावर प्लास्टिक चढल्याशिवाय तिला चैन पडत नाही. लग्नाचा दाखला, केयाच्या मार्कशीटा, देव्हाऱ्यातली आरतीसुद्धा. एका शनिवारी सूर्यकांत केयाबरोबर दुबईला डोळे तपासायला गेला आणि लतिका मला गाडीत घालून टायपिंग सेंटरला, म्हणजे अर्ज टाइप आणि कागद लॅमिनेट करून देणाऱ्या दुकानात, घेऊन आली.

मशीनवरची झुबेदा दोनदा म्हणाली, "मॅडम, पक्का ना? बाद में निकलता नहीं."

"पक्का! सबसे मोटावाला लगाओ. यल्ला, जल्दी, वो लोग शाम को आ जाएँगे."

एकेक पान त्या तापलेल्या रुळांतून गेलं. वितळलेलं प्लास्टिक प्रत्येक वळात भरलं आणि वरून गुळगुळीत झालं. एकशे चाळीस वेळा मी ते सोसलं. मला ओरडता येत नाही, मित्रांनो.

संध्याकाळी सूर्यकांत परतला. उरलेली नजरही फार दिवसांची नाही, असं डॉक्टरांनी त्या दिवशी स्पष्ट सांगितलं होतं. दारातूनच तो म्हणाला, "पेटी कुठाय?"

"इकडे या, गंमत दाखवते!" लतिकानं खांद्याचं पान त्याच्या हातात दिलं.

ट्यूबलाइटची चमक त्याच्या डोळ्यांत गेली. त्यानं पान तिरपं केलं, आणखी तिरपं केलं. मग बोट ठेवलं. बोट सरळ काठापर्यंत घसरत गेलं. त्यानं पान उलटून मागची बाजू चाचपली. तिथेही प्लास्टिक होतं.

"सगळी पानं?" त्यानं विचारलं.

"सगळी! आता पाणी पडो नाहीतर चहा सांडो, कुणाची हिंमत नाही तुमच्या पेटीला हात लावायची."

"बाबा..." केया सगळं सांगायलाच निघाली. त्यानं तिचा हात घट्ट दाबला.

"छान झालं," तो म्हणाला. "फार छान केलंस गं, लतिका."

पुढे केयानं ब्लेडनं एक पान सोडवून पाहिलं. प्लास्टिकबरोबर कागदाचं सालच निघालं, चित्रासकट. पुन्हा तिनं प्रयत्न केला नाही. आता मी फाटत नाही, भिजत नाही, मला बुरशी लागत नाही. मी आणखी शंभर वर्षं असाच राहीन, आणि त्याचा मला काही उपयोग दिसत नाही.

तुम्हाला सगळे सांगतात, वस्तू जपा. मी एवढंच म्हणतो, दुसऱ्याची वस्तू जपायला घ्याल तेव्हा आधी त्याला विचारा, तू हिला हात कसा लावतोस. मला टाकून दिलं असतं तर निदान कुणावर तरी रागावता आलं असतं.

सूर्यकांतला आता फक्त उजेड आणि अंधार कळतो; लतिकाला मात्र तो अजून थोडं दिसतं असंच सांगतो. अकराच्या सुमारास लतिकाचा ऑफिसातून फोन येतो, "काढलीत का पेटी? कुठलं पान बघताय?"

"खांद्याचं," तो सांगतो.

त्याच्या हातात पावलाचं पान असतं, तेही उलटं.