काठ नसलेली शेपटी

"अहो, याला काठच नाही."

मित्रांनो, बेचाळीस वर्षांपूर्वी ऐकलेला हा आवाज अजून माझ्या दोन्ही नळ्यांत घुमतो. तो मंदाकिनीताईंचा आवाज. आणि मी त्यांच्या घरातली जुनी दुर्बीण. माझं एक भिंग आता धुरकटलंय, पट्ट्याचं चामडं भेगाळलंय. पण जे मी पाहिलं ते पाहिलं, त्यावर धूर बसलेला नाही.

माझा जन्म जपानमधल्या एका कारखान्यात झाला. तिथून बोटीने, मग आगगाडीने मी कॅनडाच्या सपाट मुलखात, सस्काटूनला आले. उल्हासराव तेव्हा विद्यापीठात मातीचं शास्त्र शिकवायला नवेच लागले होते. नोकरी वर्षावर्षाच्या कराराची. पहिल्याच हिवाळ्यात त्यांनी मला विकत घेतलं. बाहेर उणे तीस, आणि खिडकीतून दिसायला एक मॅगपाय. मंदाकिनीताई हसून म्हणाल्या, "एवढं मोठं यंत्र, आणि बघायचा काय, तर कावळ्याचा चुलतभाऊ."

पण मे महिना उजाडला, तळ्यांवरचं बर्फ विरघळलं आणि तारांवर किंगबर्ड येऊन बसले. एवढासा पक्षी, पण घरट्याजवळ ससाणा आला तरी त्याच्या पाठीवर बसून टोचे मारत हाकलतो. ताई म्हणाल्या, "हा तर आपल्याकडचा कोतवाल पक्षी. नुसता कोट बदलून आलाय."

ताई येवल्याच्या विणकराच्या लेक. लहानपणी मागाशेजारी बसून धागे मोजलेले डोळे त्यांचे. पुस्तकातली इंग्रजी वर्णनं त्यांच्या लक्षात राहात नसत, म्हणून त्यांनी पक्ष्याची शेपटी साडीच्या भाषेत वाचायला सुरुवात केली. शेपटीचं टोक म्हणजे पदर. दोन्ही बाजू म्हणजे काठ. आणि माहेरच्या जात्यावरच्या चालीवर त्या ओव्या रचत. तळ्याकाठच्या वाळुंजाच्या झाडांवर बसणाऱ्या ईस्टर्न किंगबर्डची ही ओवी:

पाठ काजळाची काळी, पोट जणू दहीभात
टोका पांढरा पदर, पूर्ववाल्याची ही जात

आणि शेतघरांजवळ, विजेच्या खांबांवर बसणाऱ्या वेस्टर्न किंगबर्डची ही:

छाती राखेची फिकट, पोटी हळदीचा लेप
दोन्ही काठांनी पांढरी, पश्चिमवाल्याची शेप

मित्रांनो, पोळ्या लाटताना त्या हे गुणगुणायच्या आणि उल्हासराव कौतुकाने म्हणायचे, "मंदा, पुस्तकवाल्यांना तुझा पत्ता द्यायला हवा."

मग ती सकाळ आली. गावाच्या दक्षिणेला, कारागानाच्या झुडपांच्या कुंपणाजवळच्या तारेवर एक पक्षी बसला होता. पोट पिवळं, म्हणजे वेस्टर्न. पण ताई मला डोळ्यांवरून खाली घेईनात. "अहो, याला काठच नाही. पदराला नुसती मळकी किनार आहे. छाती केवढी गडद, आणि हनुवटी बघा, पीठ लागल्यासारखी पांढरी. हा तिसराच कोणी."

मग उल्हासरावांनी मला घेतलं. त्यांनी माझं चाक तीनदा फिरवलं. तिसऱ्यांदा सगळं लख्ख झालं: गडद छाती, तिच्यावर पांढरी हनुवटी, आणि काठ नसलेली शेपटी. तो कॅसिन्स किंगबर्ड होता. दूर दक्षिणेत, कोरड्या डोंगरउतारांवरच्या विरळ झाडीत राहणारा, वाट चुकून उत्तरेला आलेला. मी पाहिला. ताईंनी पाहिला. आणि उल्हासरावांनीही पाहिला. हे मला ठाऊक आहे, कारण त्यांचा श्वास माझ्या भिंगावर थांबला होता.

त्या आठवड्यात गावातल्या पक्षीनिरीक्षकांच्या मंडळाची बैठक भरली. तिथले जुने सभासद म्हणजे विद्यापीठातले मोठे प्राध्यापक. उल्हासरावांचा करार त्यांच्याच सहीने वाढायचा. एकाने विचारलं, "कुणी ओळखला?" उल्हासराव म्हणाले, "माझ्या बायकोने." "कशावरून?" ताईंनी मोडक्यातोडक्या इंग्रजीत काठ आणि पदर सांगितला. कुणीतरी हसलं. फार नाही, थोडंसंच. मग सगळ्यांनी उल्हासरावांकडे पाहिलं.

"वेस्टर्नच असेल," ते म्हणाले. "शेपटीची कड झिजली असावी."

मंडळाच्या नोंदवहीत त्या पक्ष्याची ताईंच्या नावाने लिहिलेली ओळ तिथेच खोडली गेली.

घरी येताना गाडीत ताई एवढंच म्हणाल्या, "मे महिन्यात काठ झिजत नाही हो. झिजतो तो ऑगस्टात, अंडी-पिल्लं झाल्यावर." उल्हासराव गाडी चालवत राहिले. त्यानंतर ताईंनी मंडळासाठी डब्यातून थालीपीठं पाठवली, पण स्वतः कधी गेल्या नाहीत. ओव्याही थांबल्या.

उल्हासराव कायम झाले, प्राध्यापक झाले, निवृत्त झाले. मंडळाची वहीही त्यांच्याकडेच आली. मोठा कॅमेरा आला आणि मी बेसमेंटमध्ये गेले, विंटर टायरच्या मागे, एका खोक्यात. तिथल्या ओलीने माझं भिंग धुरकटलं. मला त्याचं दुःख नव्हतं, मित्रांनो. दुःख होतं ते याचं, की माझ्यातून पाहिलेली एक खरी गोष्ट खोडलेली होती, आणि साक्ष द्यायला मला तोंड नव्हतं.

यंदा मे महिन्यात त्यांची मुलगी नीरजा हॅलिफॅक्सहून आली आणि बेसमेंट आवरायला बसली. मला हातात घेऊन तिने विचारलं, "आई, हूज इज धिस?"

"माझी," ताई म्हणाल्या. "बाबांची नाही, माझी." उल्हासराव जिन्यात उभे होते.

नीरजा हट्टी. दुसऱ्या दिवशी मंडळाची वार्षिक पक्षीगणना होती. "यू आर कमिंग, आई. नो थालीपीठ डिप्लोमसी." ताईंनी नाही नाही म्हणत बूट घातले आणि मला गळ्यात अडकवलं. बहात्तर वर्षांच्या गळ्यात मी पुन्हा लटकले, आणि काय सांगू, पुन्हा पोरगी झाले.

बरोबर उल्हासराव होते, आणि चिराग, नागपूरहून आलेला सॉफ्टवेअरवाला, मंडळातला सगळ्यात उत्साही सभासद. तेच कारागानाचं कुंपण. तारेवर पिवळ्या पोटाचा पक्षी. चिरागने कॅमेऱ्यातून पाहिलं न पाहिलं आणि म्हणाला, "वेस्टर्न आहे, काकू. टेलची एज वॉर्न आउट दिसतेय."

ताईंनी मला उचललं. माझ्या एका बऱ्या भिंगातून पाहिलं. शांतपणे पाहिलं.

"अरे, काठ झिजला तर धागे लोंबतात. इथे काठ विणलेलाच नाही. हनुवटीचा फोटो घे."

"काकू, तुम्ही एका डोळ्याने बघताय."

"तू दोन्ही डोळ्यांनी बघूनही बघितलं नाहीस. घे फोटो. आणि नीरजा, फोनवर रेकॉर्डिंग लाव, पक्षी बोलेल."

आणि तो बोलला. वेस्टर्न चिडून कट-कट करतो. याने घोगऱ्या, मोठ्या आवाजात एकच साद दिली, चि-बीर. चिरागने फोटो मोठा करून पाहिला. पिठासारखी हनुवटी, गडद छाती, पदराला मळकी किनार. त्याने टोपी काढली. "काकू, सॉरी. तुम्ही बॉस आहात." उल्हासराव दोन पावलं मागे उभे होते. त्यांनी फोटो पाहिला नाही. ते माझ्याकडे पाहात होते.

तीन आठवड्यांनी नोंद तपासणाऱ्या समितीचं पत्र आलं: मान्य. मंडळाची बैठक चर्चच्या बेसमेंटमध्ये भरली. ताईंचं नाव वाचलं गेलं तेव्हा सगळे उभे राहिले. टाळ्यांनी छतावरचे दिवे थरथरले. कुणीतरी विचारलं, "ओळखलात कसा?" या वेळी ताईंनी आधी ओवी म्हटली, मग तिचा अर्थ सांगितला, आणि कुणी हसलं नाही. लोक वह्यांत लिहून घेत होते.

हनुवटी पिठाळली, छाती ढगाचा अंधार
काठ विणलाच नाही, दूर दक्षिणेचं घर

मित्रांनो, मला आता नवं भिंग बसलंय. नीरजाने बसवून घेतलं. मी खोक्यात नाही, दाराजवळच्या खुंटीवर असते. माझं तुमच्याकडे एकच मागणं आहे. दुर्बीण असो की डोळे, पुसून स्वच्छ ठेवा, ओलीत टाकू नका. आणि जे दिसलं तेच लिहा, मग खोलीत कोण बसलंय ते बघू नका.

हे मी उगीच सांगत नाही. त्या बैठकीत टाळ्या थांबल्यावर वही बंद करायला म्हणून उल्हासराव उठले. पण त्यांनी वही मिटली नाही. पानं मागे मागे उलटत ते त्या खोडलेल्या ओळीपाशी आले. खिशातून पेन काढलं आणि ती ओळ पुन्हा, स्वच्छ अक्षरात लिहिली. तारीख तीच, जागा तीच, नाव मंदाकिनीचं. समोरच्या सगळ्यांना त्यांनी इंग्रजीत सांगितलं की ही या पक्ष्याची पहिली नोंद, आजची दुसरी. मग ते बायकोकडे वळले. शब्द मराठीत आले.

"मंदा, त्या दिवशी मलाही दिसलं होतं. त्याला काठ नव्हता."